शांगचुआन बेटावरील रिकामी कबर : पार्श्वभूमी

सेंट फ्रान्सिस झेवियर यांचे शव जुन्या गोव्यातील बासिलिकेत चांदीच्या पेटीत ठेवलेले आहे, हे आपल्याकडे बहुतेकांना ठाऊक असते. गोव्यातील भाविक त्यांना ‘गोंयचो सायब’ म्हणतात आणि ३ डिसेंबरच्या फेस्ताला तेथे मोठी गर्दी लोटते. ती तारीख मात्र त्यांच्या गोव्यातील वास्तव्याशी निगडित नाही. १५५२ साली त्या दिवशी पहाटे, चीनच्या ग्वांगडोंग प्रांताच्या किनाऱ्यालगत, मकावच्या नैर्ऋत्येस असलेल्या शांगचुआन बेटावर त्यांचे निधन झाले. पोर्तुगीज या बेटाला सांसियाव म्हणत. तेथील स्मारक ज्या कबरीवर उभे आहे, ती कबर अडीच महिन्यांतच रिकामी झाली होती.

आजच्या स्पेनमधील नाव्हार प्रांतातील झेवियरच्या गढीत १५०६ मध्ये जन्मलेले, जेझुइट या कॅथलिक संघाचे हे धर्मगुरू ६ मे १५४२ रोजी गोव्यात उतरले. तेथून मोती काढणाऱ्या परव समाजाचा तमिळ किनारा, मलाया द्वीपकल्पातील मलाक्का, आजच्या इंडोनेशियातील मोलुकास बेटे आणि १५४९ पासून जपान असा त्यांचा संचार झाला. गोव्यात इन्क्विझिशन, म्हणजे धर्मविरोधी आचारविचारांची चौकशी करून शिक्षा देणारे चर्चचे न्यायासन, नेमावे, अशी विनंती त्यांनी १५४६ मध्ये पोर्तुगालच्या राजाला पत्राने केली होती आणि त्यांच्या मृत्यूनंतर आठ वर्षांनी ते न्यायासन तेथे स्थापनही झाले. त्यामुळे गोव्याच्या इतिहासात त्यांच्याविषयी एकमत नाही, आणि ते असण्याची अपेक्षा करणेही योग्य नव्हे. जपानमध्ये असताना, हा देश ज्याच्याकडून विद्या आणि आचार घेतो त्या चीनमध्येच आधी धर्मप्रसार केला पाहिजे, अशी त्यांची खात्री पटली.

चीनचे दार परकीयांना बंद होते. म्हणून दिओगो परैरा या व्यापाऱ्याला पोर्तुगीज राजदूत करून त्याच्यासोबत जाण्याचा बेत १५५२ च्या वसंतात गोव्यात ठरला. पण वास्को द गामाचा मुलगा आल्व्हारो द आताइद याने मलाक्कात अधिकाराच्या जोरावर परैराला अडवून धरले. झेवियर परैराच्याच ‘सांता क्रूझ’ जहाजाने, पण परैराविना, ऑगस्टअखेर शांगचुआनला पोहोचले. चीनच्या मिंग घराण्याच्या सरकारच्या बंदीमुळे मुख्य भूमीवर पाऊल ठेवता न येणारे पोर्तुगीज व्यापारी हंगामापुरत्या झोपड्या बांधून येथे चिनी दलालांशी चोरटा व्यवहार करीत. वीस पिकल, म्हणजे सुमारे बाराशे किलो, काळ्या मिरीच्या मोबदल्यात रात्रीतून कँटनला (आजचे ग्वांगझोऊ) नेऊन सोडण्याचे एका चिनी व्यापाऱ्याने कबूल केले. तो आलाच नाही. नोव्हेंबरमध्ये बहुतेक जहाजे परतली, थंडी वाढली आणि २१ नोव्हेंबरच्या सुमारास झेवियर तापाने आजारी पडले.

अखेरच्या क्षणी त्यांच्याजवळ आंतोनियो हा चिनी तरुण होता. तो गोव्याच्या सेंट पॉल महाविद्यालयात शिकलेला, आणि तेथे इतकी वर्षे राहिलेला की आपली मातृभाषाच विसरला होता. चीनमध्ये दुभाष्या म्हणून त्याचा फारसा उपयोग झाला नसता. दफन करायला त्याच्यासह अवघी चार माणसे होती. अस्थी पुढे भारतात नेता याव्यात म्हणून, मांस लवकर झडावे या हेतूने, शवपेटीत देहाखाली दोन आणि देहावर दोन पोती चुना ओतण्यात आला. फेब्रुवारी १५५३ मध्ये कबर उघडली तेव्हा शव जसेच्या तसे आढळल्याचे समकालीन वृत्तांत सांगतात. ते मलाक्काला आणि तेथून मार्च १५५४ मध्ये गोव्याला नेण्यात आले.

यानंतर बेट मागे पडले. १५५७ च्या सुमारास पोर्तुगीजांची मकावला कायमची वसाहत झाली आणि शांगचुआनला व्यापारी जहाजे थांबण्याचे कारण उरले नाही. १६२२ मध्ये झेवियर यांना संतपद मिळाले. तरीही कबरीच्या जागी दगड उभा राहायला १६३९ साल उजाडले, म्हणजे मृत्यूनंतर तब्बल ८७ वर्षे गेली. या शिळेवर पोर्तुगीज आणि चिनी अशा दोन्ही भाषांत मजकूर आहे. पोर्तुगीज मजकूर त्यांना पूर्वेचा प्रेषित म्हणतो; चिनी मजकूर मिंग सम्राटांच्या राजवर्षांत काळ मोजतो, मृत्यू ज्याजिंगच्या ३१व्या वर्षी आणि शिळा चोंगझेनच्या १२व्या. ज्या राज्याने झेवियर यांना आत येऊ दिले नाही, त्याच राज्याची कालगणना त्यांच्या स्मारकावर कोरली गेली आहे. मधल्या काळात जेझुइट धर्मगुरू मात्तेओ रिची आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी चिनी भाषा आत्मसात करून पेकिंगपर्यंत (आजचे बीजिंग) मजल मारली होती. त्या परिश्रमांशिवाय ही द्विभाषी शिळा संभवतच नव्हती.

१७०० मध्ये, कांगशी सम्राटाच्या काळात, जेझुइट कास्पार कास्टनर यांच्या देखरेखीखाली तेथे पहिले चॅपल बांधले गेले. १७२४ मध्ये योंगझेंग सम्राटाने ख्रिस्ती धर्मावर बंदी घातल्यावर या चॅपलची निगा राखणारे कोणी उरले नाही. आजचे गॉथिक धाटणीचे पांढरे चॅपल १८६९ चे असून, ते कँटनचे भव्य कॅथीड्रल उभारण्यास प्रारंभ करणाऱ्या बिशप गिलमँ यांनी बांधविले. १९८० च्या दशकात त्याची दुरुस्ती झाली. १६३९ ची शिळा याच चॅपलमध्ये आहे.