रजोनिवृत्ती आणि केस

रजोनिवृत्तीच्या सुमारास अंडाशयातून येणारी इस्ट्रोजेन व प्रोजेस्टेरॉन ही हॉर्मोने घटत जातात. त्यामुळे पुष्कळ स्त्रियांचे डोक्यावरचे केस विरळ व बारीक होतात, टाळू कोरडी पडते आणि काही जणींच्या हनुवटीवर राठ केस उगवतात. सलग 12 महिने पाळी आली नाही की रजोनिवृत्ती झाली असे मानतात. बहुधा ती 45 ते 55 या वयात येते. केसांतला फरक मात्र त्याआधीच, पाळी मागेपुढे होऊ लागते त्या वर्षांत दिसू शकतो. त्यामुळे दोष आधी शाम्पूला, मग पाण्याला दिला जातो.

डोक्यावर सुमारे एक लाख केस असतात. प्रत्येक केस दोन ते सहा वर्षे वाढतो, दोन-तीन आठवड्यांत त्याची वाढ थांबते, मग साधारण तीन महिने तो नुसता मुळाशी टिकून राहतो आणि गळतो. रोज 50 ते 100 केस गळणे यात मोडते. इस्ट्रोजेन वाढीचा टप्पा लांबवते. गरोदरपणात केस दाट वाटतात आणि बाळंतपणानंतर काही महिन्यांनी ते मुठीने गळतात, त्यामागे हेच कारण आहे. तिथे इस्ट्रोजेन एकदम उतरते आणि पुढे केस बहुधा पूर्ववत होतात. रजोनिवृत्तीत ते उतरते आणि उतरलेलेच राहते.

दुसरी बाजू पुरुषी हॉर्मोनांची, म्हणजे अँड्रोजेनची. ती स्त्रीच्या शरीरातही आयुष्यभर असतात. इस्ट्रोजेन घटले की यकृतात तयार होणारे, या हॉर्मोनांना रक्तात बांधून ठेवणारे प्रथिनही कमी होते आणि अँड्रोजेनचा मोकळा वाटा वाढतो. टेस्टोस्टेरॉनपासून बनणारे डायहायड्रोटेस्टोस्टेरॉन ज्या केशमुळांना सोसत नाही, ती केसवाढीच्या चक्रागणिक लहान होत जातात. तरीही केस विरळ झालेल्या बहुतेक स्त्रियांच्या रक्तात अँड्रोजेनची पातळी नेहमीचीच आढळते. कोणाची मुळे किती संवेदनशील, हे मुख्यतः आनुवंशिकतेवर ठरते.

म्हणून ‘केस गळतात’ ही तक्रार अर्धीच खरी असते. गळलेल्या केसाच्या जागी नवा येतो, पण आधीपेक्षा बारीक आणि आखूड. उशीवर केस सापडत नाहीत, तरी वेणी बारीक होते आणि भांग रुंदावतो. भांगाचे हे रुंदावणेच डॉक्टर पाहतात. जर्मन त्वचारोगतज्ज्ञ लुडविग यांनी 1977 मध्ये त्याच्या तीन पायऱ्या मांडल्या. त्यांच्या मांडणीत माथा विरळ होतो, पण कपाळाजवळची केसांची रेघ जागेवर राहते. पुरुषांसारखे पूर्ण टक्कल स्त्रियांना क्वचितच पडते.

नेमकी ही रेघच मागे सरकू लागली, त्यासोबत भुवया विरळ झाल्या आणि तिथली त्वचा गुळगुळीत, फिकट दिसू लागली, तर प्रकार वेगळा असतो. ऑस्ट्रेलियातील डॉ. कोसार्ड यांनी 1994 मध्ये रजोनिवृत्ती झालेल्या स्त्रियांमध्ये त्याची नोंद केली. यात दाहामुळे केशमुळे व्रणात बुजतात आणि गेलेला केस परत येत नाही. इथे थांबून पाहणे महागात पडते.

त्वचेतील तैलग्रंथी मंदावल्याने टाळू कोरडी पडते, खाजते. त्वचेला घट्टपणा देणारे कोलाजेन हे प्रथिनही घटते. केसांना तेलाचा लेप कमी मिळाल्याने ते निस्तेज दिसतात व लवकर तुटतात. याच काळात काखेतले व जांघेतले केसही विरळ होतात. पांढरे होणे मात्र मुख्यतः वयाचे आणि घराण्याचे काम आहे. ते रजोनिवृत्तीच्या खात्यावर उगाच टाकले जाते.

वय पाहून प्रत्येक गळती रजोनिवृत्तीची ठरवणे ही नेहमीची चूक आहे. थायरॉइडचे विकार, लोहाची कमतरता, मोठे आजारपण, झपाट्याने घटवलेले वजन आणि काही औषधे यांनीही केस जातात, म्हणून रक्ततपासणी आधी. ती करण्यापूर्वी बायोटिन या ‘ब’ गटातील जीवनसत्त्वाच्या गोळ्या चालू असल्यास डॉक्टरांना सांगावे, कारण जास्त मात्रेतील बायोटिन थायरॉइडच्या काही चाचण्यांचे आकडे चुकवते. बायोटिनची कमतरता मुळात विरळाच, त्यामुळे या गोळ्यांचा केसांना बहुधा उपयोगही होत नाही.

उपचारांत सर्वाधिक अनुभव मिनॉक्सिडिलचा आहे. हे मूळचे रक्तदाबावरचे औषध. ते घेणाऱ्यांच्या अंगावर केस वाढलेले दिसले, तेव्हा ते टाळूवर लावण्यासाठी वापरात आले. लावायला सुरुवात केल्यावर पहिले काही आठवडे गळती उलट वाढू शकते आणि घाबरून अनेक जणी तिथेच सोडून देतात. फरक दिसायला चार ते सहा महिने लागतात. अँड्रोजेनचा परिणाम रोखणारे स्पायरोनोलॅक्टोन काही जणींना डॉक्टरी देखरेखीखाली दिले जाते. हॉर्मोन उपचार अंगातून वाफा निघणे किंवा रात्री घाम फुटणे अशा त्रासांवर देतात. केवळ केसांसाठी ते सुरू करत नाहीत. मिनॉक्सिडिल थांबवले की त्याने राखलेले केस काही महिन्यांत पुन्हा विरळ होतात.