प्रजनन दर २.१ झाला म्हणजे लोकसंख्यावाढ थांबली? नाही

‘एकूण प्रजनन दर (म्हणजे एका बाईला आयुष्यभरात सरासरी होणारी मुलं) २.१ वर आला की लोकसंख्यावाढ थांबते’ हा समज वर्षानुवर्षे फिरतो आहे. आकडा खरा, पण त्याचा अर्थ इतकाच की मुलींची पिढी आयांच्या पिढीएवढी भरते. (वरचा ०.१ अशासाठी की मुलगे किंचित जास्त जन्मतात आणि काही मुली आई होण्याआधीच दगावतात. बालमृत्यू जास्त असतील तिथे २.१ सुद्धा पुरत नाही.)

वाढ चालू राहते ती वयाच्या रचनेमुळे. समजा, १,००० माणसं आहेत: पंचविशीच्या आतली ५००, २५ ते ५० मधली ३००, त्यावरची २००. आजपासून प्रत्येक पिढी स्वतःएवढीच मुलं जन्माला घालते आणि सगळे पंचाहत्तरीपर्यंत जगतात असं धरा. २५ वर्षांनी त्या ५०० तरुणांची मुलं ५००, ते स्वतः ५००, वरचे ३००. एकूण १,३००. आणखी २५ वर्षांनी १,५००. दर पहिल्या दिवसापासून स्थिर, तरी लोकसंख्या दीडपट!

चीनमध्ये दर १९९० च्या दशकाच्या सुरुवातीलाच २.१ खाली गेला. त्यानंतर लोकसंख्या घटू लागायला २०२२ उजाडलं.

उलटही खरं. म्हाताऱ्या होत चाललेल्या देशात दर पुन्हा २.१ वर नेला तरी घट लगेच थांबत नाही, कारण आई होण्याच्या वयाच्या बायकाच कमी उरलेल्या असतात. शिवाय या दरात स्थलांतर धरलेलंच नसतं. एखाद्या शहराची वाढ त्यावरून ठरवणं तर साफ चूक.