७१ साली दिल्लीतून गेलेली एक तार आणि ती पाठवणारे केनेथ कीटिंग

७१ चं युद्ध म्हटलं की आपल्याकडे अमेरिकेच्या सातव्या आरमाराचा विषय हमखास निघतो, राष्ट्राध्यक्ष निक्सन आणि त्यांचे सल्लागार किसिंजर यांना चार शिव्या पडतात, पण त्याच अमेरिकेचा दिल्लीतला राजदूत त्या वेळी स्वतःच्याच सरकारशी भांडत होता हे फार कमी जणांना माहितीये.

२५ मार्च १९७१ च्या रात्री पाकिस्तानी लष्कराने ढाक्यात कत्तल सुरू केली. तिथले अमेरिकन कॉन्सुल जनरल आर्चर ब्लड तारेवर तारा पाठवत होते, आणि २९ मार्चला दिल्लीतून कीटिंगनीही वॉशिंग्टनला तार केली. विषयाच्या जागीच शब्द होते, निवडक वंशसंहार. आत लिहिलं होतं की या कत्तलीने आम्हाला जबर धक्का बसलाय, आणि हे सगळं अमेरिकन हत्यारांनी होत असेल तर ते अजूनच भयंकर आहे, तेव्हा आपण ताबडतोब आणि उघडपणे निषेध करावा. ब्लडना पुढे ढाक्यातून हलवलं. कीटिंगना हलवणं तितकं सोपं नव्हतं, आणि त्याचं कारण माझ्या मते त्यांच्या आधीच्या आयुष्यात आहे.

जन्म १९०० चा, न्यूयॉर्क राज्यातल्या लायमा नावाच्या छोट्या गावातला. हार्वर्डमधून कायदा शिकून रॉचेस्टरला वकिली केली, दुसऱ्या महायुद्धात चीन-ब्रह्मदेश-भारत आघाडीवर होते, म्हणजे हा भाग त्यांना राजदूत व्हायच्या कितीतरी आधीपासून माहिती होता. १९४७ च्या जानेवारीत रिपब्लिकन म्हणून काँग्रेसमध्ये गेले आणि गंमत बघा, निक्सनही त्याच महिन्यात, त्याच पक्षातून पहिल्यांदा तिथे आले. १२ वर्षांनी कीटिंग सिनेटर झाले.

१९६२ मध्ये त्यांनी सिनेटमध्ये उठून सांगायला सुरुवात केली की रशिया क्युबात काहीतरी मोठं करतोय. केनेडी सरकार नाही म्हणत होतं. १० ऑक्टोबरला तर त्यांनी थेट सांगितलं की क्षेपणास्त्रांचे सहा तळ बांधले जातायत, आणि चारच दिवसांनी यू-२ या हेरगिरीच्या विमानाने काढलेल्या फोटोंत तळ दिसले! तेव्हा राष्ट्राध्यक्ष विरोधी पक्षाचा होता, त्यामुळे कोणी म्हणेल की हे राजकारण होतं. पण १९६४ मध्ये स्वतःच्या पक्षाचे राष्ट्राध्यक्षपदाचे उमेदवार गोल्डवॉटर नागरी हक्क कायद्याच्या विरोधात गेले, तेव्हा कायद्याच्या बाजूने असलेल्या कीटिंगनी त्यांनाही पाठिंबा द्यायला नकार दिला. त्याच वर्षी सिनेटच्या निवडणुकीत राष्ट्राध्यक्ष केनेडींचे भाऊ रॉबर्ट केनेडी कीटिंगविरुद्ध उभे राहिले. टीव्हीवर केनेडींच्या नावाची रिकामी खुर्ची ठेवून कीटिंग तिच्याशी वाद घालतायत आणि खरे केनेडी स्टुडिओच्या दाराशी आत सोडा म्हणून उभे, असाही प्रकार झाला. कीटिंग सुमारे ७ लाख मतांनी हरले. मग राज्याच्या सर्वोच्च कोर्टात न्यायाधीश, आणि १९६९ ला निक्सननी त्यांना दिल्लीला पाठवलं.

म्हणजे हा माणूस साधा नोकरदार अधिकारी नव्हता, सिनेटमध्ये आणि पेपरवाल्यांत त्याच्या ओळखी होत्या.

निक्सनची अडचण वेगळीच होती. चीनशी गुपचूप बोलणी चालली होती ती पाकिस्तानचा लष्करशहा याह्या खानच्या मध्यस्थीने, त्यामुळे याह्याला दुखवायचं नव्हतं. जुलैमध्ये किसिंजर पोट बिघडल्याचं सोंग करून पाकिस्तानातूनच बीजिंगला गेले, कीटिंगना यातलं काही सांगितलेलं नव्हतं. त्याआधी १५ जूनला ओव्हल ऑफिसमध्ये, म्हणजे राष्ट्राध्यक्षांच्या कार्यालयात, निक्सन आणि किसिंजर दोघांच्या समोर बसून कीटिंगनी तोंडावर सांगितलं होतं की आता जे चाललंय तो जवळजवळ पूर्णपणे हिंदूंचा वंशसंहार आहे. निर्वासित भारतात लोंढ्याने येत होते, पुढे आकडा १ कोटीच्या घरात गेला. आज तिथल्या संभाषणांच्या टेप्स उपलब्ध आहेत आणि त्यातला निक्सनचा सूर ऐकवत नाही, भारतात जाणारा प्रत्येक राजदूत तिकडचाच होऊन जातो असं ते त्याच महिन्यात किसिंजरना म्हणत होते.

डिसेंबरमध्ये युद्ध पेटल्यावर व्हाइट हाउसने पत्रकारांना आपली बाजू सांगितली, आम्ही कसे शांततेसाठी झटत होतो वगैरे. कीटिंगनी ते वाचलं आणि ८ डिसेंबरला पुन्हा तार केली, की यातल्या बऱ्याच गोष्टी मला माहिती असलेल्या घटनांशी जुळत नाहीत. एकेक मुद्दा घेऊन, अगदी वकिलासारखं. ही गुप्त तार पत्रकार जॅक अँडरसन यांच्या हाती लागली आणि छापून आली, पुढच्या वर्षी अँडरसनना त्या कागदपत्रांवरच्या कामासाठी पुलित्झर मिळालं. मला ही तार मार्चच्या तारेपेक्षाही मोठी वाटते, कारण तोवर आपलं कोणी ऐकत नाही हे कीटिंगना पक्कं कळलेलं होतं.

१९७२ मध्ये त्यांनी दिल्ली सोडली. तरी १९७३ ला निक्सननीच त्यांना इस्रायलला राजदूत म्हणून पाठवलं. ६ ऑक्टोबरच्या सकाळी पंतप्रधान गोल्डा मायर यांनी त्यांना बोलावून सांगितलं की आज इजिप्त आणि सीरियाचा हल्ला होणार आहे आणि आम्ही आधी वार करणार नाही. दुपारी युद्ध सुरू झालं. ५ मे १९७५ ला कीटिंग वारले, तेव्हाही ते त्याच पदावर होते.