गाझान खान : १२९५ च्या धर्मांतराची पार्श्वभूमी

गाझान १२९५ च्या अखेरीस इराणच्या इलखानी, म्हणजे तिथल्या मोंगल राजघराण्याच्या, गादीवर बसला, तेव्हा तिजोरी रिकामी होती आणि सरदारांत उभी फूट पडलेली होती. आदल्याच वर्षी तेव्हाचा इलखान (राजा) गैखातू याने तबरीझमध्ये चिनी धर्तीचे कागदी चलन सक्तीने सुरू केले होते. व्यापाऱ्यांनी दुकाने बंद केली आणि थोड्याच काळात ते मागे घ्यावे लागले. पुढे गैखातू मारला गेला, चुलतभाऊ बायदूने सत्ता घेतली आणि पूर्वेकडचा खुरासान प्रांत सांभाळणाऱ्या गाझानने त्याच्याविरुद्ध शस्त्र उचलले.

या संघर्षाच्या ऐन मध्यावर, जून १२९५ मध्ये, गाझानने इस्लाम स्वीकारून महमूद हे नाव घेतले. एके काळी त्याच्याविरुद्ध बंड केलेल्या नवरूझ या मुसलमान सरदाराने हा सल्ला दिला होता, आणि त्याचे पाठबळ मिळाल्याशिवाय बायदूचा पाडाव अवघड होता. म्हणून हे धर्मांतर म्हणजे निव्वळ राजकीय डाव होता, असे अनेक अभ्यासक मानतात. हा निष्कर्ष अपुरा वाटतो. मोंगल सैन्यातील बरेच लोक तोवर मुसलमान झालेले होते, इलखानांपैकी एकाने १२८२ मध्येच मुसलमान म्हणून गादी घेतली होती, आणि गाझान सैन्याच्या पुढे जाण्यापेक्षा त्याच्या मागोमाग गेला, असे म्हणणे अधिक सयुक्तिक ठरते. शत्रुपक्षातील, इजिप्त व सीरियावर सत्ता असलेल्या मामलूक राज्यात मात्र त्याच्या श्रद्धेवर विश्वास ठेवला गेला नाही. हे लोक अजूनही चंगीझचा यासा (त्याने घालून दिलेला कायदा) पाळतात, म्हणून त्यांच्याशी युद्ध धर्म्य आहे, असा निर्वाळा दमास्कसच्या एका धर्मशास्त्र्याने दिला.

या वादात बौद्धांची बाजू नेहमीच मागे पडते. गाझान बौद्ध संस्कारांत वाढला होता आणि खुरासानात त्याने स्वतः बौद्ध मंदिरे उभारली होती. सत्ता हाती येताच मंदिरे, चर्च आणि सिनेगॉग पाडण्याचे फर्मान निघाले. ख्रिस्ती व ज्यूंना पुढे बरीच सवलत मिळाली, नवरूझलाही १२९७ मध्ये देहदंड झाला. पण बौद्ध भिक्षूंपुढे धर्म बदलणे किंवा काश्मीर, तिबेट, हिंदुस्थानकडे परतणे एवढेच मार्ग उरले. गाझानचे वडील अर्घून यांनी बांधलेल्या मंदिराच्या भिंतींवर अर्घूनचीच चित्रे होती आणि मंदिर पडल्यामुळे त्यांवर पाऊस व बर्फ पडत होते, तेव्हा ते पुन्हा उभारावे अशी विनंती झाली. गाझानने ती नाकारली. त्याने लिहायला लावलेला इतिहास भावाच्या कारकिर्दीत विस्तारला, त्यात बुद्धाचे चरित्र आले, आणि ते काश्मीरच्या एका भिक्षूच्या मदतीने लिहिले गेले, ही नोंद म्हणूनच मोलाची आहे.

पुढील काळात शेतसाऱ्याचे दर ठरवून देणे, नाणी आणि वजनमापे एकसारखी करणे, सैनिकांना जमिनी लावून देणे अशा सुधारणा त्याने केल्या. त्यांचे बहुतेक वर्णन त्याच्याच वजिराने लिहिलेले असल्याने त्यातील स्तुती जपून वाचावी लागते. डिसेंबर १२९९ मध्ये होम्सजवळ मामलूकांना हरवून त्याने दमास्कस घेतले, परंतु सीरिया हाती टिकला नाही, आणि १३०३ मध्ये दमास्कसजवळच त्याच्या फौजेचा निर्णायक पराभव झाला. मे १३०४ मध्ये वयाच्या ३२ व्या वर्षी गाझान वारला. मामलूकांशी तह व्हायला त्यानंतर जवळपास दोन दशके लागली, आणि १३३५ मध्ये तेव्हाचा इलखान अबू सईद निपुत्रिक वारल्यावर इलखानी राज्य फुटले.