४०६ मेगाहर्ट्झ बीकनची नोंदणी: कुठे करायची, काय लागतं

सॅटेलाइट फोन जवळ असला तरी नंबर लावायला माणूस शुद्धीवर हवा. म्हणून दुर्गम भागात फोनच्या जोडीला पीएलबी, म्हणजे खिशात मावणारा आपत्कालीन बीकन, ठेवावा. एकदा सुरू केला की तो किमान २४ तास, साधारण दर ५० सेकंदांनी कॉस्पास-सारसॅट या आंतरराष्ट्रीय शोध-बचाव यंत्रणेच्या उपग्रहांना ४०६ मेगाहर्ट्झवर इशारा पाठवतो. मासिक शुल्क नाही. मात्र बीकन नोंदलेला नसेल, तर तो कोणाचा आणि इशारा खरा की चुकून गेलेला, हे बचाव केंद्राला कळत नाही. चुकून गेलेले इशारेच जास्त असतात, त्यामुळे ही खातरजमा महत्त्वाची.

नोंदणी कुठे करायची हे तुमच्या पत्त्यावर ठरत नाही. बीकनमध्ये भरलेल्या देशाच्या ३ अंकी कोडवर ते ठरतं. अमेरिकेचा कोड असेल तर नोआ (NOAA) या तिथल्या सरकारी संस्थेकडे, ऑस्ट्रेलियाचा असेल तर तिथल्या आम्सा (AMSA) या सागरी सुरक्षा संस्थेकडे. ज्या देशाची स्वतःची सोय नाही आणि ज्याने मनाई केलेली नाही, त्याच्या बीकनची नोंद कॉस्पास-सारसॅटच्या आयबीआरडी या आंतरराष्ट्रीय नोंदवहीत ऑनलाइन, विनामूल्य होते. परदेशात घेतलेल्या बीकनचा अर्ज बहुतेकदा या देशाच्या कोडपाशीच अडतो. अशा वेळी अधिकृत विक्रेत्याकडून देशाचा कोड बदलून घ्यावा. कोडबरोबर हेक्स आयडी, म्हणजे लेबलवर छापलेला बीकनचा ओळख क्रमांकही बदलतो, म्हणून जुनं लेबल काढून नवं लावलंय ना, ते पाहा.

अर्ज भरताना हे जवळ ठेवा: हेक्स आयडी, उत्पादक, मॉडेल, अनुक्रमांक, बॅटरीची मुदत, मालकाचा पत्ता आणि फोन, शिवाय तातडीचे किमान दोन संपर्क.

हेक्स आयडी सहसा १५ अक्षरांचा असतो, नव्या पिढीच्या बीकनचा २३. त्यात शून्य ते नऊ आणि इंग्रजी ए ते एफ एवढंच येतं. ‘ओ’ नसतोच, जे गोल दिसतं ते शून्य. आठ आणि ‘बी’ यांची गल्लत सर्रास होते. एक अक्षर चुकलं तरी तुमची नोंद सापडणार नाही.

संपर्कात सोबत येणाऱ्यांची नावं देऊ नका. घरी असणारे, रात्रीही फोन उचलणारे आणि तुमचा मार्ग माहीत असलेले लोक द्या. सॅटेलाइट फोनचा नंबर अधिक माहितीच्या रकान्यात देशाच्या कोडसह लिहा.

पुष्टी मिळाल्यावर तिच्यातला आयडी लेबलशी अक्षरन् अक्षर ताडून पाहा. पत्ता, फोन किंवा मालक बदलला की नोंदही बदला. नोआकडे ती दर २ वर्षांनी नव्याने करावी लागते. जुना बीकन विकत घेतलात, तर आधीच्या मालकाने आपली नोंद सोडल्याशिवाय पैसे देऊ नका.