लॉग (इंग्रजी शब्द)

लॉग : ‘ओंडका’ असा मूळ अर्थ असलेला इंग्रजी शब्द. झाड तोडून, फांद्या छाटून, पण चिरण्याआधी उरते ते गोल लाकूड म्हणजे लॉग. याच शब्दातून जहाजाचा वेग मोजायचे साधन, त्या वेगाची नोंदवही, कोणतीही क्रमवार नोंद, संगणकात प्रवेश करण्याची क्रिया, ब्लॉग आणि बॅकलॉग इतके अर्थ निघाले. मराठीत लॉगबुक, लॉगशीट, लॉगिन, ब्लॉग, बॅकलॉग हे सगळे रुळले. ज्या लाकडापासून सुरुवात झाली तो अर्थ मात्र आला नाही, कारण ओंडका आपल्याकडे होताच. त्यामुळे हे शब्द एका घरातले आहेत हे मराठी कानाला जाणवत नाही. आणि जो लॉग आपल्याला शाळेपासून ओळखीचा आहे, तो ‘लॉग टेबल’मधला लॉग, नेमका या घराण्यातला नाही.

लाकूड

हा शब्द १४व्या शतकापासून इंग्रजीत दिसतो. त्याचे मूळ नक्की झालेले नाही. जुन्या नॉर्स भाषेत ‘आडवे पडलेले झाड’ या अर्थाचा जो शब्द होता त्याच्याशी तो जोडला जातो, पण उच्चार बदलण्याचे नियम तिथे नीट लागू पडत नाहीत, अशी भाषाशास्त्रज्ञांची हरकत आहे.

व्यापारात लॉग ही मोजायची वस्तू आहे. भारतातील सागवानाच्या व्यवहारात अजून चालणारी एक रीत १८व्या शतकातील एडवर्ड हॉपस या इंग्रज मोजणीकाराच्या नावाने ओळखली जाते. ओंडक्याच्या मध्यावर टेप गुंडाळून घेर घ्यायचा, त्याचा चौथा भाग काढायचा, त्याचा वर्ग करून लांबीने गुणायचे. घेर ४ फूट आणि लांबी १० फूट असेल तर हिशेब येतो १० घनफूट. प्रत्यक्षात एवढ्या गोल ओंडक्यात सुमारे १२.७ घनफूट लाकूड असते. म्हणजे या रीतीत शेकडा २१ हून थोडे अधिक लाकूड हिशेबातच येत नाही. चिराईत जाणारी साल, कडा आणि भुसा यांची ती आधीच धरलेली सूट.

वाक्प्रचारांत ओंडक्याला इंग्रजीने बहुधा जडपणाच बहाल केला आहे. गाढ झोपलेला माणूस ‘ओंडक्यासारखा’ झोपतो. इसापनीतीतील बेडकांना देवाने राजा म्हणून आधी ओंडकाच दिला. म्हणून निरुपद्रवी पण निरुपयोगी सत्ताधाऱ्याला इंग्रजीत ‘किंग लॉग’ म्हणतात. नदीतून सोडलेले ओंडके एकमेकांत अडकून प्रवाह तुंबला की तो ‘लॉगजॅम’, आणि मग वाटाघाटी अडल्या तरी तोच शब्द. अमेरिकी राजकारणात ‘लॉगरोलिंग’ म्हणजे तू माझ्या विधेयकाला मत दे, मी तुझ्या. शेजाऱ्यांनी मिळून एकमेकांचे ओंडके ढकलण्याच्या रिवाजावरून ते आले. उत्तर अमेरिकेत वसाहत करणाऱ्यांची घरे ओंडक्यांची असत. अब्राहम लिंकन १८०९ मध्ये अशाच खोपटात जन्मले. ते अध्यक्ष होण्याआधीच, १८४० च्या अध्यक्षीय निवडणुकीत, खात्यापित्या घरातल्या विल्यम हेन्री हॅरिसन यांच्या प्रचारात ओंडक्यांचे घर हे साधेपणाचे चिन्ह म्हणून मिरवले गेले होते.

(मराठीत लाकडाच्या शब्दांना अशीच बढती मिळाली आहे, फक्त झाडाचे अवयव वेगळे. बँकेला शाखा असते, पक्षात दुसरी फळी असते.)

जहाजावर

या शब्दाच्या चरित्रातील सर्वांत महत्त्वाचे वळण समुद्रावर आले. शिडाच्या जहाजाचा वेग कळणे गरजेचे होते, कारण किनारा दिसेनासा झाला की दिशा, वेग आणि गेलेला वेळ यांवरूनच आपण कुठे आहोत याचा अंदाज बांधावा लागे. सर्वांत साधी युक्ती अशी : नाळेजवळून, म्हणजे जहाजाच्या पुढच्या टोकाकडून, लाकडाचा तुकडा पाण्यात टाकायचा आणि तो जहाजाच्या मागच्या टोकापर्यंत यायला किती वेळ लागतो ते पाहायचे. तुकडा जागच्या जागी असतो. पुढे जाते ते जहाज.

त्याचे सुधारलेले रूप इंग्रज खलाशांनी १६व्या शतकात वापरात आणले. विल्यम बोर्न यांच्या १५७४ मधील नौकानयनाच्या पुस्तकात त्याचे वर्णन आहे. सुट्या तुकड्याऐवजी दोरीला बांधलेला लाकूडतुकडा आला आणि त्यालाच लॉग म्हणू लागले. पुढे तो पाव चकतीच्या आकाराची पातळ फळी झाला. तिच्या गोल कडेत शिसे भरलेले, म्हणजे ती पाण्यात उभी राहते आणि ओढीला अडते. तिन्ही कोपऱ्यांना दोऱ्या, पैकी एक दोरी खुंटीने अडकवलेली. मोजणी झाली की हिसका द्यायचा, खुंटी सुटते, फळी आडवी होते आणि सहज वर ओढता येते.

मोजणीला तीन माणसे लागत. एकाने दोरीचे रीळ डोक्याच्या वर धरायचे, दुसऱ्याने फळी टाकून दोरी हाताखालून सोडायची, तिसऱ्याच्या हातात वाळूचे घड्याळ. दोरीचा सुरुवातीचा भाग मोजणीत धरत नसत, कारण जहाजामागे खळबळलेल्या पाण्यातून फळी आधी बाहेर पडायला हवी. तो भाग संपल्याची खूण म्हणून दोरीला कापडाची चिंधी बांधलेली असे. चिंधी कठड्यावरून गेली की घड्याळ उलटे करायचे. वाळू संपली की दोरी घट्ट धरायची आणि किती गाठी बाहेर गेल्या ते मोजायचे.

गाठीला इंग्रजीत नॉट. जहाजाच्या वेगाचे एकक तिथूनच आले. आधी घड्याळ ३० सेकंदांचे आणि गाठींमधील अंतर ४२ फूट असे, कारण मैल ५,००० फुटांचा धरत. रिचर्ड नॉरवूड यांनी लंडन ते यॉर्क हे अंतर मोजून १६३७ मध्ये दाखवून दिले की समुद्री मैल ६,००० फुटांहून मोठा आहे. खलाशांनी मग दोरी आणि घड्याळ दोन्ही जुळवून घेतले. नंतर रुळलेले माप म्हणजे २८ सेकंद आणि ४७ फूट ३ इंच. ताडून पाहा : ६,०८० फुटांच्या मैलाला ३,६०० सेकंदांनी भागून २८ ने गुणले की हाच आकडा येतो. आज समुद्री मैल १,८५२ मीटरचा आहे. तो १९२९ मध्ये मोनाकोच्या परिषदेत ठरला. दोरी गेली, गाठी राहिल्या. भारतीय हवामान विभाग वाऱ्याचा वेग ३४ नॉट्सवर, म्हणजे ताशी सुमारे ६३ किलोमीटरवर पोचला की वादळाला चक्रीवादळ ठरवतो. ३ जून २०२० रोजी रायगडच्या किनाऱ्यावर आलेल्या निसर्ग वादळाचे मोजमापही याच गाठींत झाले.

लॉगबुक

दर थोड्या वेळाने काढलेला हा वेग, दिशा आणि वारा पहाऱ्यावरचा अधिकारी आधी पाटीवर खडूने लिही. नंतर ते वहीत उतरत असे. लॉगच्या आकड्यांची वही ती लॉगबुक. पुढे वहीलाच नुसते लॉग म्हणू लागले. इथे लाकूड सुटले आणि शब्द मोकळा झाला. व्यापारी जहाजांच्या अधिकृत लॉगबुकात जन्म, मृत्यू, अपघात आणि खलाशांचे गुन्हेही नोंदवावे लागतात. त्यामुळे बोटीवर नोकरी करणाऱ्यांच्या बोलीत ‘लॉग होणे’ म्हणजे दंड होणे.

महाराष्ट्रात ही वही जमिनीवरच जास्त दिसते. सरकारी जीपच्या कप्प्यात ती असते : तारीख, कुठून कुठे, निघताना आणि पोचल्यावर मीटरवरचे आकडे, कामाचे स्वरूप, साहेबांची सही. वीज उपकेंद्रातील ऑपरेटर दर तासाला प्रत्येक फीडरचा (बाहेर वीज नेणाऱ्या वाहिनीचा) भार लॉगशीटवर चढवतो. शिडाच्या जहाजावरील पहाऱ्याशी त्याच्या कामाचे साम्य इतके आहे की नुसता समुद्र वजा केला तरी चालेल.

तेलविहिरीही लॉग केल्या जातात. केबलला बांधलेले उपकरण विहिरीत सोडून खडकाचा विद्युतरोध खोलीनुसार नोंदवण्याचा पहिला प्रयोग कॉनरॅड आणि मार्सेल श्लुम्बर्जर या बंधूंच्या चमूने सप्टेंबर १९२७ मध्ये फ्रान्समधील पेशेलब्रॉन येथे केला. १९७४ मध्ये तेल सापडलेल्या मुंबई हायसारख्या क्षेत्रात कोणत्या थरात तेल आहे हे ठरवायला असे लॉग लागतात. दोरीला काहीतरी बांधून खाली सोडायचे आणि आकडे लिहायचे, ही जुनी रीत इथे पुन्हा दिसते.

संगणकात

एकच मोठा संगणक अनेकांनी वाटून वापरायची व्यवस्था अमेरिकेतील एमआयटी या विद्यापीठात १९६१ मध्ये दाखवली गेली. त्या सीटीएसएस प्रणालीत ‘लॉगिन’ हा आदेश होता. अर्थ सरळ : आलात, वहीत नोंद करा. जाताना लॉगआउट. आज फोनवर लॉगिन करणाऱ्याला ही हजेरीवही दिसत नाही, पण ती आत चालूच असते. सर्व्हर कोण कधी आला, काय मागितले, काय चुकले ते ओळीमागून ओळ लिहीत जातो. मराठी विकिपीडियावर लॉगिनला ‘सनोंद प्रवेश’ असा शब्द वापरात आला. तो कानाला जड आहे, हे खरे. पण नोंद हा शब्दाचा गाभा त्यात आला आहे, आणि तो ‘प्रवेश करा’ या सोप्या बटणात येत नाही.

नोंदवही ही निर्जीव गोष्ट आहे हा समज डिसेंबर २०२१ मध्ये महागात पडला. लॉग४जे हे जावा भाषेतील नोंदी ठेवणारे साधन जगभरच्या सर्व्हरांत होते. नोंद लिहिताना त्यातील मजकुरात विशिष्ट सूचना सापडली, तर ते तिचे पालन करी. त्यामुळे माइनक्राफ्ट या संगणकीय खेळातील गप्पांच्या चौकटीत एक ओळ टाकूनही सर्व्हरचा ताबा घेता येत असे. पाहुण्याने वहीत सही करावी आणि वहीने त्याला घराची किल्ली द्यावी, तशातला प्रकार.

१७ डिसेंबर १९९७ रोजी जॉर्न बार्गर यांनी आपण वाचलेल्या वेबपानांच्या नोंदींना ‘वेबलॉग’ म्हटले. १९९९ मध्ये पीटर मेरहोल्झ यांनी त्याची गमतीने ‘वी ब्लॉग’ अशी फोड केली, आणि मागे उरला तो ब्लॉग. मराठीत त्याला अनुदिनी आणि जालनिशी असे दोन शब्द मिळाले. रोजनिशीवर बेतलेला जालनिशी हा माझ्या मते अधिक नेटका. तरी लोक ब्लॉगच म्हणतात, आणि पुढच्या व्लॉगला तर कोणी मराठी नाव सुचवायच्या भानगडीतही फारसे पडले नाही.

बॅकलॉग

हा शब्द मात्र जहाजावरून आलेला नाही. तो थेट चुलीतून आला. भिंतीतील शेकोटीत अगदी मागे जो जाड ओंडका ठेवत तो बॅकलॉग. पुढची बारीक लाकडे भराभर जळत. मागचा ओंडका रात्रभर धुमसे आणि सकाळी त्याच्यावरच विस्तव पेटे. म्हणजे मुळात ही चांगली गोष्ट. १९व्या शतकात त्याला ‘राखीव साठा’ हा अर्थ आला. पुढे हाती असलेल्या पण पुऱ्या न झालेल्या मागण्या, आणि शेवटी नुसतेच तुंबलेले काम.

महाराष्ट्रात तो शेवटच्याच अर्थाने आला आणि राजकारणात ‘अनुशेष’ झाला. प्रादेशिक असमतोल मोजण्यासाठी राज्य सरकारने १९८३ मध्ये अर्थशास्त्रज्ञ वि. म. दांडेकर यांच्या अध्यक्षतेखाली सत्यशोधन समिती नेमली. तिने १९८४ मध्ये राज्याचा एकूण अनुशेष ३,१८६.७८ कोटी रुपये काढला. त्यात विदर्भाचा वाटा सुमारे ३९ टक्के आणि मराठवाड्याचा सुमारे २४ टक्के होता. सिंचन, रस्ते, शाळा, वीज यांत राज्याच्या सरासरीच्या खाली जिल्हा किती आहे आणि ती तूट भरायला किती पैसे लागतील, असा तो हिशेब. तेव्हापासून नागपूरच्या हिवाळी अधिवेशनात हा शब्द निघाला नाही असे क्वचितच होते. राखीव जागा रिकाम्या राहिल्या की बिंदुनामावलीतून (कोणती जागा कोणत्या प्रवर्गाची हे दाखवणाऱ्या यादीतून) निघतो तोही अनुशेषच, आणि तो भरायला विशेष भरती काढतात.

अभियांत्रिकीच्या वसतिगृहात मात्र अनुशेष म्हणत नाहीत. तिथे नापास झालेला विषय म्हणजे बॅकलॉग, आणि रोजच्या बोलण्यात त्याचा नुसता ‘बॅक’ उरतो : एम-थ्रीला (गणिताच्या तिसऱ्या पेपरला) बॅक लागला, दोन बॅक राहिलेत. ओंडका गळून पडला, शेकोटीची मागची बाजू तेवढी शिल्लक.

तोतया लॉग

लॉग टेबलमधला लॉग म्हणजे लॉगरिदमचे लघुरूप. स्कॉटलंडच्या जॉन नेपिअर यांनी १६१४ मध्ये हा शब्द ग्रीक ‘लोगोस’ (इथे अर्थ गुणोत्तर) आणि ‘अरिथमोस’ (संख्या) यांतून घडवला. कॅटलॉग, डायलॉग, आणि मानसशास्त्रासारख्या विषयांच्या इंग्रजी नावांतील ‘लॉजी’ हे सगळे ग्रीक कुळातले. लाकडाशी त्यांचे नाते नाही. बारावीच्या भौतिकशास्त्राच्या प्रश्नपत्रिकेवर ‘लॉग टेबल वापरता येईल, कॅल्क्युलेटर नाही’ अशा अर्थाची सूचना असते आणि दोनचा लॉग ०.३०१० हे पिढ्यान्‌पिढ्या पाठ केले जाते, तेही या दुसऱ्याच लॉगच्या नावाने.

दोघांची गाठ पडली ती जहाजावरच. १७व्या शतकात एडमंड गंटर यांनी लॉगरिदमची मापपट्टी काढली आणि खलाशांनी ती उचलली, कारण अक्षांश, कोन आणि अंतर यांचे गुणाकार हाताने करण्यात रात्र जाई. नंतर नाविकाच्या मेजावर दोन्ही शेजारी असत : वेगाचा आकडा लॉगबुकातून घ्यायचा, आणि त्यावरून स्थान काढायला लॉग टेबल उघडायचे.