गोड वर्ण, कडू वर्ण: माधुर्य आणि ओज यांची पार्श्वभूमी

कोणता वर्ण कानाला गोड लागतो आणि कोणता टोचतो, याचा हिशेब संस्कृत काव्यशास्त्राने बारकाईने मांडला आहे. भरताच्या नाट्यशास्त्रात काव्याचे १० गुण आहेत; माधुर्य (गोडवा), ओज (जोर, आवेश) आणि प्रसाद (सहज कळणं) हे त्यांतलेच. काव्यशास्त्रकार दंडी त्यांना वैदर्भ मार्गाचे, म्हणजे वैदर्भ शैलीचे, प्राण म्हणतो. सुकुमार रचनेला नाव मिळालं ते विदर्भाचं. वामन या काव्यशास्त्रकाराने पुढे वैदर्भी, गौडी, पांचाली अशा ३ रीती (लेखनशैली) ठरवल्या.

खरी कलाटणी नवव्या शतकात ‘ध्वन्यालोक’कार आनंदवर्धनाने दिली. श, ष, रफाराची जोडाक्षरं आणि ढ यांची गर्दी शृंगाराला मारक, पण बीभत्साला तीच पेटवते, असं त्याने सांगितलं. म्हणजे वर्ण मुळात वाईट नसतो, जागा चुकते.

अकराव्या शतकात ‘काव्यप्रकाश’कार मम्मटाने याची जणू पाककृतीच लिहिली. माधुर्यासाठी ट-वर्ग (ट, ठ, ड, ढ) वगळून बाकीचे स्पर्शवर्ण (क ते म), आधी त्याच वर्गाचं अनुनासिक (ङ्ग, न्त, म्ब), ऱ्हस्व स्वरातले र आणि ण, समास नाहीत किंवा बेताचे. ओजासाठी च्छ, द्ध यांसारख्या जोड्या, रफार, द्वित्त, ण सोडून ट-वर्ग, श-ष आणि लांबलचक समास. प्रसादाला वर्णांची अट नाही, ऐकताक्षणी अर्थ कळला की झालं.

‘श्रुतिकटू’ (कानाला टोचणाऱ्या) दोषाचं त्याचं उदाहरण मासलेवाईक आहे. अनङ्ग, अपाङ्ग, तरङ्गित, तन्वङ्गी अशी ‘ङ्ग’ची झुळझुळ चाललेली असताना मध्येच ‘कार्तार्थ्यं’ येऊन आदळतं. मात्र बोलणारा वैयाकरण असेल किंवा रस रौद्र असेल, तर हाच दोष गुण ठरतो, अशी सवलतही तो देतो.

मराठीत ही यादी जशीच्या तशी चालत नाही. लाड, गोड, ओढ, वेडी: आपला जिव्हाळा ड-ढवरच पोसलेला. इथे बिघडवते ती दाटी. ‘तिच्या स्पर्शाने हर्षोत्कर्ष झाला’ यात तीन रफार आणि तेवढेच श-ष. कोमल प्रसंग तिथेच आपटतो. ‘तिचा हात लागला आणि बरं वाटलं’ हे पुरतं. शिवाय लिहिताना न दिसणारी जोडाक्षरं उच्चारात तयार होतात, ‘धरतो’चं ‘धर्तो’ होतं, म्हणून मजकूर मोठ्याने वाचूनच तपासावा. उलट, लढाईच्या वर्णनात प्रत्येक वाक्यात खडखडाट-कडकडाट भरला की चौथ्या ओळीला वाचक हसू लागतो.